आजी, ज्वालामुखी आणि मी

दिवाळीच्या सुटीत आजोळी जाऊन माणसे काय करतात? फराळाच्या डब्यांवर डल्ला मारतात, पत्ते कुटतात, दुपारी झोपा काढतात आणि भाऊबीजेची ओवाळणी मोजत परत येतात. आम्ही गेल्या दिवाळीत अकोल्याला जाऊन ज्वालामुखी पाहिले. एक नव्हे, चार. रात्रीची जेवणे आटोपली की एक, याप्रमाणे. अकोल्याच्या उन्हाची ख्याती ज्यांना ठाऊक आहे ते म्हणतील, त्यात नवल ते काय! पण मी उन्हाविषयी बोलत नाही. मी बोलते आहे मामांच्या बैठकीतल्या नव्या टीव्हीवर पाहिलेल्या चित्रपटांविषयी.

हे चित्रपट मी निवडले होते, आणि खरे सांगायचे तर निव्वळ करमणुकीसाठी निवडले नव्हते. तेव्हा हा लेख म्हणजे एका परीने कबुलीजबाब आहे. वाचकांनी, आणि विशेषतः आमच्या भूगोलाच्या सरांनी, तो उदार मनाने वाचावा.

आमची आजी अकोल्यात राहत नाही. अकोट रस्त्याने पूर्णा ओलांडून आत वळले की जी खेडी लागतात, त्यांतल्या एकात राहते. हा सगळा खारपाणपट्टा. अमरावती, अकोला, बुलढाणा अशा तीन जिल्ह्यांतून पूर्णेच्या काठाने पसरलेला. वर लोण्यासारखी काळी माती आणि खाली विहिरीला खारे पाणी, असा येथला न्याय. आजोबा गेले त्याला आता सहा वर्षे झाली. तेव्हापासून आजी त्या घरात एकटी आहे. सहा एकर वावर बटईने दिले आहे, पण बटईदारापेक्षा तीच बांधावर जास्त वेळ उभी असते. गावात नळ आला, रस्ता आला. मात्र गावाच्या अलीकडे एक नाला आहे, तो अजून आपल्या जुन्याच स्वभावावर आहे. एरवी त्यात बकऱ्या चरतात. पावसाळ्यात दोन दिवस झड लागली की तो गावाला जगापासून तोडून टाकतो.

गेल्या जुलैत असेच झाले. आजीचा फोन दोन दिवस लागेना. तिसऱ्या दिवशी कळले की तिला ताप आहे. मामा अकोल्याहून गाडीवर निघाले, गाडी नाल्याच्या अलीकडे ठेवली आणि कमरेएवढ्या पाण्यातून दोर धरून निघाले. अर्ध्यावर पाय सुटला. दहा-पंधरा हात वाहत जाऊन ते एका बाभळीला अडकले आणि पलीकडच्या दोघांनी त्यांना ओढून काढले. आजीसमोर ते उभे राहिले तेव्हा ओलेचिंब होते. "रस्त्यात पाऊस लागला," एवढेच त्यांनी सांगितले. हातावरचे ओरखडे बाहीखाली लपवले. घरी येऊन मामींना सांगितले. मामींनी आईला सांगितले. आईने मला सांगितले. आणि प्रत्येकीने पुढचीला बजावले की आजीला यातले अक्षर कळता कामा नये.

तेव्हापासून आमच्या घरात एकच विषय. आजीला तेथून हलवायचे. अमरावतीला आमच्याकडे आणायचे किंवा अकोल्याला मामांकडे. मामांनी सांगून पाहिले, आईने रडून पाहिले, बाबांनी जावयाच्या मानाचा उपयोग करून पाहिला. आजीचे उत्तर ठरलेले : "मले काय झालं? मी आपल्या घरी हावो." शेवटी दिवाळीच्या आठ दिवस आधी आई मला म्हणाली, "तुझं ऐकते ती. सगळ्या नातवंडांत तुझ्यावर जीव जास्त. आता तूच काहीतरी कर."

आता माझ्यासारख्या बी. ए. च्या विद्यार्थिनीने काय करावे? मी तिला आकडेवारी सांगू शकत होते; पण आकडेवारीने परीक्षेत गुण मिळतात, आजी हलत नाही. त्याच सुमारास मी एक माहितीपट पाहिला होता. 'फायर ऑफ लव्ह' त्याचे नाव. २०२२ सालचा आहे. कातिया आणि मोरिस क्राफ्त या फ्रेंच पतिपत्नींची ही कथा. दोघेही ज्वालामुखीचे अभ्यासक. जगात कोठे ज्वालामुखी जागा झाल्याचे कळले की हे दोघे कॅमेरे उचलून तिकडे धावत. लोक ज्या आगीपासून पळत, तिच्या काठाशी उभे राहून यांनी चित्रण केले.

१३ नोव्हेंबर १९८५ रोजी कोलंबियात नेवादो देल रुईस हा बर्फाच्छादित ज्वालामुखी फुटला. शिखरावरचे बर्फ वितळून चिखलाचा लोंढा डोंगर उतरला आणि आर्मेरो हे गाव त्याखाली गाडले गेले. सुमारे २३ हजार माणसे गेली. धोक्याचा नकाशा महिनाभर आधी तयार होता. शास्त्रज्ञांनी इशारे दिले होते. पण ते ज्यांना कळायला हवे होते त्यांना कळले नाहीत, किंवा कळूनही पटले नाहीत. या घटनेने क्राफ्त पतिपत्नी हादरले. ज्वालामुखी माणसे कशी मारतो हे सामान्य माणसाला डोळ्यांनी दाखवल्याशिवाय तो घर सोडणार नाही, असे त्यांच्या मनाने घेतले, आणि मोरिसने त्यासाठी एक चित्रफीत तयार केली. १९९१ साली फिलिपाइन्समधला पिनातुबो हा पाचशे वर्षे झोपलेला डोंगर धुमसू लागला, तेव्हा ती फीत तेथल्या अधिकाऱ्यांना आणि लोकांना दाखवण्यात आली. हजारो लोक वेळेवर हलले. १५ जूनला पिनातुबोचा जो स्फोट झाला तो विसाव्या शतकातल्या सर्वांत मोठ्या स्फोटांपैकी एक होता. माणसे गेलीच, पावसाने भिजलेल्या राखेच्या भाराने छपरे कोसळली. पण जी वाचली ती हजारोंनी मोजावी लागली. हे पाहायला क्राफ्त पतिपत्नी मात्र नव्हते. बाराच दिवस आधी, ३ जूनला, जपानमधल्या उन्झेन ज्वालामुखीच्या उष्ण लोटात ती दोघे, आणखी ४१ जणांबरोबर, मरण पावली होती.

हे वाचले आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. चित्रपट दाखवून जर डोंगराखालचे लोक हलतात, तर आमची एक आजी का हलू नये? मनातल्या मनात मी स्वतःला वऱ्हाडातली कातिया क्राफ्त समजू लागले. मामांचा बंटी चौथीत आहे; त्याला आगीचे, धुराचे भारी वेड. त्याला फोनवर विचारले, "दिवाळीत ज्वालामुखीचे पिक्चर पाहायचे का?" तिकडून जो आनंदाचा चीत्कार झाला तोच एक छोटासा स्फोट होता. चार दिवसांचा कार्यक्रम ठरला. तिसऱ्या दिवसाचा चित्रपट मी विचारपूर्वक तिसऱ्या दिवशी ठेवला.

अमरावतीहून एस. टी. ने बडनेरा, मूर्तिजापूर करीत आम्ही अकोल्याला पोहोचलो. आजीला मामा आदल्या दिवशीच घेऊन आले होते. दिवाळीचे पाच दिवस ती येते. सहाव्या दिवशी पिशवी भरून दारात उभी असते.

पहिल्या रात्री 'व्होल्कॅनो'. १९९७ सालचा. लॉस एंजेलिस शहराच्या मध्यभागी, जुन्या डांबराच्या तळ्यांतून लाव्हा वर येतो आणि हमरस्त्याने वाहू लागतो. टॉमी ली जोन्स हा नट शहराच्या आपत्कालीन खात्याचा प्रमुख झाला आहे. सिमेंटचे अडसर आडवे टाकून तो लाव्हा थोपवतो आणि शेवटी एक इमारत पाडून त्याला वळवतो. शास्त्राच्या दृष्टीने हा चित्रपट म्हणजे फराळातली चकली आहे. कुरकुरीत, पण पोटभरीची नाही. मामांना तो फार आवडला. "एवढे ठोकळे यांना इतक्या लवकर मिळतात कुठून?" असे ते तीन वेळा म्हणाले.

आजी खाटेवर बसून वाती वळत होती. घरच्याच कापसाच्या. समोर पेळू, गुडघ्यावर राख लावलेला तळवा. पडद्यावर शहर जळत होते आणि आजीच्या हातून एकेक वात शांतपणे ताटलीत पडत होती. चित्रपट इंग्रजीत, त्यामुळे मी तिच्या शेजारी बसून भाषांतर करीत होते. मध्येच बंटीने विचारले, "ताई, आपल्याकडे आहे का ज्वालामुखी?"

भूगोलाच्या विद्यार्थिनीला असा प्रश्न म्हणजे सणासुदीची ओवाळणीच! मी चित्रपट थांबवला आणि व्याख्यान सुरू केले. भारतातला एकमेव जागता ज्वालामुखी अंदमानच्या समुद्रात आहे, बॅरन नावाच्या बेटावर. पण जो विझून गेला तो आपल्या पायाखालीच आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी आपल्याकडे जमिनीलाच लांबच लांब भेगा पडल्या. चित्रात काढतात तसा शंकूचा डोंगर नव्हता. भेगांतून लाव्हा उफाळला, पसरला, थंड झाला. त्यावर दुसरा थर, त्यावर तिसरा. आज जे उरले आहे तेच सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर आहे. परतवाड्याहून चिखलदऱ्याला चढताना डोंगराच्या कड्यांवर पायऱ्यांसारखे थर दिसतात ते हेच. गेल्या वर्षी सहलीला सरांनी आम्हाला तेथे थांबवून दाखवले होते; काळ्या दगडात लाव्ह्यातले बुडबुडे जसेच्या तसे थिजलेले, आणि काहींत पांढरे स्फटिक भरलेले. लोणारचे सरोवरही ज्वालामुखीचे तोंड आहे असे लहानपणी आम्हाला कोणीतरी सांगितले होते. ते मात्र खरे नाही. ते आकाशातून आदळलेल्या अशनीने या काळ्या दगडात पाडलेले विवर आहे. आणि हाच दगड ऊन-पावसाने कुजून, झिजून त्याची झाली आपली कापसाची काळी माती. उन्हाळ्यात जिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात ती.

आजीचा हात थांबला. "म्हंजे माहं वावर इस्तवाचं हाये म्हन?"

"हो आजी. एके काळी विस्तवच होता."

"बाप्पा!" एवढेच म्हणून तिने नवी वात घेतली. पण त्या रात्री निजताना मला पुन्हा विचारले, "किती सालाचं म्हनली तू?" मी आकडा सांगितला. तिने बोटांवर काहीतरी मोजायचा प्रयत्न केला आणि सोडून दिला.

दुसऱ्या रात्री 'पॉम्पेई', २०१४ सालचा. इ. स. ७९ मध्ये इटलीतल्या व्हेसुव्हियस ज्वालामुखीने हे रोमन शहर राखेखाली गाडले. चित्रपटात एक गुलाम योद्धा आणि एक श्रीमंत मुलगी यांचे प्रेम घातले आहे. आमच्या आईच्या मते ते नसते तरी चालले असते. मला त्या प्रेमापेक्षा खरे पॉम्पेईच जास्त चटका लावून गेले. राखेत पुरलेली माणसे कुजून गेली, पण त्यांच्या आकाराच्या पोकळ्या राहिल्या. १८६३ साली फियोरेल्ली या संशोधकाने त्या पोकळ्यांत प्लास्टर ओतले, आणि कोणी तोंडावर हात घेतलेला, कोणी कुशीवर पडलेला अशी ती माणसे पुन्हा दिसू लागली. भट्टीतले पावही तसेच सापडले, कोळसा होऊन.

"भाकर चुलीवरच राह्यली म्हना की," आजी म्हणाली. मग थोड्या वेळाने, "पन ते पयाले काहून नाही?"

मी संधी साधली. "पुष्कळसे पळाले, आजी. जे राहिले त्यांना वाटले, आपल्या घराला काही होत नाही."

मामींनी माझ्याकडे पाहिले. आईने माझ्याकडे पाहिले. आजीने वातीकडे पाहिले.

तिसरी रात्र. लक्ष्मीपूजन आदल्या दिवशीच झाले होते. चित्रपट 'डान्टेज पीक'. हाही १९९७ सालचाच. त्या वर्षी हॉलिवुडला ज्वालामुखीचे दोन झटके आले होते. पण हा पुष्कळ बरा. डोंगराच्या पायथ्याशी एक टुमदार गाव. पिअर्स ब्रॉस्नन हा शास्त्रज्ञ. तो धोका ओळखतो, पण व्यापारउदिमाचे नुकसान होईल म्हणून गाव हलवायला कोणी तयार नाही. गावच्या नगराध्यक्ष बाईंची दोन मुले, आणि त्या मुलांची आजी, रूथ. डोंगरावर तळ्याकाठी एकटी राहते. ती घर सोडायला नकार देते. हा डोंगर मला काही करणार नाही, अशी तिची श्रद्धा.

हेच माझे अस्त्र होते, वाचकहो. ही हट्टी आजी पाहून आमची आजी वरमेल, असा माझा डाव.

चित्रपट पुढे सरकला. डोंगर फुटला. आजीला आणायला ती दोन पोरे कोणालाही न सांगता मोटार काढून डोंगरावर गेली. त्यांच्या मागे आई आणि शास्त्रज्ञ. घराच्या भिंतीतून लाव्हा आत शिरला. सगळे नावेत बसले, पण तळ्याच्या पाण्याचे आम्ल झालेले. नावेचे यंत्र त्याने खाऊन टाकले. काठ थोडक्यात राहिला आणि नाव थांबली. आणि ती म्हातारी नावेतून पाण्यात उतरली. त्या पाण्यातून तिने नाव ओढून काठाला नेली.

मी भाषांतर करायची थांबले होते. आजी म्हणाली, "काय म्हनते ते?"

का कोण जाणे, मला खरे सांगवेना. मी म्हटले, "काही नाही. पाय भाजले थोडे. बरी होते ती."

"मले डोये हायेत," आजी म्हणाली.

पुढच्या दृश्यात ती म्हातारी मेली. बैठकीत कोणी बोलेना. आणि त्या शांततेत बंटी मोठ्या उत्साहाने म्हणाला, "बाबा पण असेच गेले होते ना आजीला आणायला! नाल्यात वाहून चालले होते!"

मामींनी त्याच्या पाठीत धपाटा घातला. पण धपाटा नेहमी उशिरा पडतो. आजीने मामांकडे पाहिले. मामा टीव्हीकडे पाहत होते. पडद्यावर शास्त्रज्ञाची मोटार थिजत आलेल्या लाव्ह्यावरून चालली होती. शास्त्राला न पटणारे ते दृश्य मामा असे एकटक पाहत होते, की जणू त्यांनाच ती चालवायची आहे.

"कवा?" आजीने विचारले.

"काही नाही माय. जुनं झालं."

"आखाडातल्या झडीत?"

मामांनी मान हलवली. आजीने ताटलीतल्या वाती गोळा करून डबीत भरल्या, झाकण लावले आणि आत जाऊन निजली. चित्रपटातला कुत्रा शेवटी जिवंत सापडतो. एरवी आजीला त्याचा फार आनंद झाला असता. मध्यंतरी दोनदा तिने त्याची चौकशी केली होती. ते सांगायला मी तिच्यापाशी गेले तर ती भिंतीकडे तोंड करून पडली होती. जागी होती.

माझा डाव यशस्वी झाला होता. म्हणजे, मला तसे वाटायला हवे होते. पण रात्रभर मला झोप आली नाही. एक माणूस राहून राहून आठवत होता. अमेरिकेतल्या सेंट हेलेन्स या ज्वालामुखीच्या पायथ्याशी, स्पिरिट लेकच्या काठी हॅरी ट्रूमन नावाचे ८३ वर्षांचे गृहस्थ राहत. पन्नासहून अधिक वर्षे तेथेच विश्रामगृह चालवीत. १९८० च्या वसंतात डोंगर फुगू लागला, सगळ्यांना हलवले, हे हलले नाहीत. वर्तमानपत्रवाले आले, टीव्हीवाले आले, मुलांनी त्यांना पत्रे लिहिली. साऱ्या देशाला त्यांच्या हट्टाचे कौतुक वाटले. १८ मे १९८० ला डोंगराची उत्तर बाजूच कोसळली. ५७ जण गेले, त्यांत हेही. तळे, विश्रामगृह, त्यांची मांजरे, सगळे गाडले गेले. मी ही गोष्ट वर्गात नेहमी 'इशाऱ्याकडे दुर्लक्ष' या सदराखाली लिहीत आले. त्या रात्री प्रथमच मनात आले, त्यांची पत्नी तेथेच त्यांच्या आधी वारली होती. ज्या घरात तिच्यासोबत जन्म काढला, ते सोडून त्यांनी कोठे जायचे होते? डोंगर फुटणार की नाही, हे त्यांना सगळे सांगत होते. पुढे काय, हे बहुधा त्यांना कोणी सांगितले नसेल.

सकाळी उठले तर आजी अंगणात तुळशीपाशी बसली होती. मी जवळ जाऊन बसले. ती म्हणाली, "तूनं ते पिक्चर मुद्दाम लावलं."

खोटे बोलायची माझी पाळी रात्रीच संपली होती. मी हो म्हटले.

"त्या म्हातारीवानी मी मरीन म्हनून?"

"नाही आजी. तू यावीस म्हणून."

आजी बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "तूच सांगतलं ना परवा, माह्या वावराखाली इस्तो व्हता म्हून? तो थंडा झाला, कुजला, मंग त्याची माती झाली. किती साल लागले, तुलेच नीट सांगता नाही आलं. अन् तुमी मले म्हनता, पिशवी भर अन् चाल. तुह्या आज्यानं अन् म्या त्या घराची माती घमेल्यानं वाह्यली. आता ते घर मले खाते का पाहते, मले ठाव नाही. पन मले कोनं इचारलं?"

खरेच, कोणी विचारले नव्हते. आम्ही सांगत होतो, विनवीत होतो, रडत होतो, आणि शेवटी चित्रपट दाखवीत होतो. क्राफ्तांची फीत आणि माझी फीत यांत किती अंतर आहे ते मला तेव्हा कळले. त्यांनी धोका जसा होता तसा, काही न लपवता दाखवला आणि मग माणसांना ठरवू दिले. आम्ही मात्र खरा धोका, म्हणजे तो नाला आणि ती बाभूळ, आजीपासून चार महिने लपवून ठेवला होता, आणि त्याऐवजी तिला परदेशातली बनावट आग दाखवीत होतो. तिला घाबरवायची आमची तयारी होती. तिच्यावर विश्वास टाकायची नव्हती. तिच्या जागी चौथीतल्या बंटीने जे केले तेच खरे शास्त्रज्ञाचे काम होते, आणि त्याबद्दल त्याला धपाटा मिळाला होता.

मी हे सगळे तिला बोलून दाखवले नाही. मी फक्त विचारले, "मग आजी, तुझ्या मनात काय आहे?"

उत्तर तिच्याजवळ तयार होते. कदाचित रात्रीच तयार झाले असेल, कदाचित पुष्कळ आधीपासून असेल. दुपारी जेवणे झाल्यावर तिने मामांना समोर बसवले आणि सांगितले. "पेरनी आटपली की मले घेऊन येजा. झडीचे दिवस मी इथी राहीन. नाल्यात कोनं पाय टाकाचा नाही. पन सीतादहीले मी वावरात पायजे."

ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगते. आमच्याकडे कापसाची पहिली वेचणी करण्याआधी वावरात पूजा करतात, दहीभात वाहतात; तिला सीतादही म्हणतात. दसरा-दिवाळीच्या सुमाराचे दिवस. म्हणजे पेरणीपासून वेचणीपर्यंतचे मधले तीन-चार महिने, नाल्याचे महिने, आजी अकोल्याला. बाकीचे आठ महिने तिचे. ती जमीन विकायची नाही, घराला कुलूप कायमचे लावायचे नाही, आणि वेचणीला तिला परत पोहोचवायचे. मामा काहीतरी बोलणार होते. मामींनी त्यांना डोळ्यांनी दाबले. मामा म्हणाले, "बरं माय."

आमच्या पुस्तकांत याला 'हंगामी स्थलांतर' असे भारदस्त नाव आहे. पण ते आजीने स्वतःच शोधून काढले आणि तिच्या सोयीने शोधून काढले, म्हणून ते पाळले जाण्याची आशा आहे.

चौथ्या रात्री ठरल्याप्रमाणे 'फायर ऑफ लव्ह' लावला. त्यात कातिया आणि मोरिस चंदेरी पोशाख घालून लाव्ह्याच्या कारंज्यासमोर दोन मुंग्यांसारखी उभी आहेत असे एक दृश्य आहे. आजी एकटक पाहत होती. या वेळी मी सगळे खरे भाषांतर केले. ती दोघे कशी गेली, तेही. ऐकून ती म्हणाली, "दोघं संगंच गेले. नशीबवान." मग पुन्हा वाती वळू लागली. सुटीत घरच्यांबरोबर पाहण्यासारखा एखादा चित्रपट मला कोणी विचारला, तर मी हाच सांगेन. फक्त शेजारी भाषांतर करायला जो बसेल त्याने काही लपवू नये.

सहाव्या दिवशी आजी पिशवी भरून दारात उभी राहिली. या खेपेला तिला कोणी अडवले नाही. मामा सोडायला गेले. मीही सोबत गेले. नाला कोरडा होता, बकऱ्या चरत होत्या. मामांनी गाडी थांबवली आणि काहीही न बोलता ती बाभूळ दाखवली. आजी उतरली, बाभळीच्या खोडावरून हात फिरवला आणि पुन्हा येऊन बसली. वावरात पऱ्हाटी फुटली होती. मी खाली वाकून मूठभर माती उचलली. ओलसर, थंड, बोटांना चिकटणारी.

हा अंक तुमच्या हाती पडेल तेव्हा उन्हे तापू लागली असतील आणि त्या वावराला भेगा पडायला सुरुवात झाली असेल. पेरणीला अजून अवकाश आहे. आजी शब्दाला पक्की आहे; पण ती आजी आहे, आणि मृगाचा पहिला पाऊस पडल्यावर तिला काय वाटेल ते आज कोणी सांगू शकत नाही. पिनातुबो फुटणार हे शास्त्रज्ञांनी आधी सांगितले होते. आमच्या आजीच्या बाबतीत तेवढे भाकीत करण्याइतका माझा अभ्यास झालेला नाही.